डावखुरी गाठ

काका,

बाबांचा एक हात लुळा, म्हणून त्यांचे बूट रोज मी बांधायची, तुम्ही शिकवलेल्या डावखुऱ्या गाठीने. त्या दिवशी मी परगावी होते. ते लेस सुटी ठेवूनच बाहेर पडले, आईने पाहिलं.

पुलाखाली ते मृत सापडले तेव्हा बुटांना तीच गाठ होती, फक्त आपल्या दोघांनाच येणारी. तुम्ही मात्र म्हणालात, “दादा मला भेटलाच नाही. पाय घसरला असेल, पोरी.” आणि तपास तुमच्याच ठाण्याकडे, साहेबही तुम्हीच!

ढकललं कोणी, ते मी छातीठोकपणे सांगणार नाही. तुम्ही खोटं बोललात, एवढंच कोर्टाला सांगितलं. आज तपास गुन्हे शाखेकडे गेला.

तिथले साहेब तुम्हाला आधी बूट बांधायला सांगणार आहेत. मीच सुचवलंय. म्हणून हे पत्र टाकत नाही. तुम्ही गाठ बदलाल.

तुमच्याच हाताखाली शिकलेली,
पुतणी