माईककडे पाठ

अकोला
बुधवार, दि. १२ मार्च १९६९

प्रिय डोमाजीकाका,

सप्रेम जयभीम. सकाळचे सव्वासात झाले आहेत. लाउडस्पीकरवाल्या सहदेवच्या दुकानात आपल्या बँडची मुंबईहून आलेली नमुन्याची रेकॉर्ड तिसऱ्यांदा ऐकली आणि तिथंच बाकावर लिहायला बसलो.

रेकॉर्ड खणखणीत आली आहे. ड्रम, ट्रंपेट, माझी नवी विजेची गिटार, सगळं. मुंबईच्या रेकॉर्डिस्टनं आपल्या वरातीच्या चालीला जॅझ म्हटलं, तेव्हा तुम्ही म्हणालात, "नाव काईबी ठेव बाप्पा, ताल सोडू नको." तेही आठवलं. पण काल पहिल्यांदा लावली, तेव्हाच सहदेवनं सुई उचलली आणि विचारलं, "काबे देवमन, बुढा वाजवून नाई राहिला काय?"

काका, तुमची क्लॅरिनेट ऐकूच येत नाही. लांब कुठं कुणी फुंकतं आहे, एवढंच.

वरातीत तुम्ही बँडकडे तोंड करून उलटे चालता. पंचवीस वर्षांची सवय. मुंबईला त्या खोलीत सगळ्यांना मिळून एकच माईक होता, आणि तुम्ही रस्त्यावर उभे राहावं तसे आमच्याकडे तोंड करून उभे राहिलात. माईक तुमच्या पाठीमागे.

रविवारी पातूरला तुमच्या घरी ही रेकॉर्ड लागणार, गोदाकाकूंनी अख्ख्या वस्तीला आवतण दिलं आहे. त्याआधी तुम्हाला कळायला हवं. पहिल्याच ओळीला मला दिसलं होतं की तुमची माईककडे पाठ आहे. मी थांबवलं नाही. गिटारचा स्पीकर माईकला लागून होता आणि जन्मात पहिल्यांदा मी तुमच्यापेक्षा मोठा वाजत होतो. तुम्ही तंबाखू मळायला जिन्यात गेलात, तेव्हा रेकॉर्डिस्टनं ऐकवून विचारलं, बरोबर आहे ना? मीच म्हणालो, बरोबर आहे.

अक्षर चांगलं म्हणून बँडच्या शेषराव मालकांनी रेकॉर्ड कंपनीला 'पसंत' कळवायचं काम मला दिलं होतं. मी 'नापसंत' लिहिलं, कारणही लिहिलं, आणि काल संध्याकाळी पत्र पेटीत टाकलं. कंपनी पुन्हा वाजवू देईल की करारच मोडेल, ठाऊक नाही. मालकांना अजून काही माहीत नाही. हे पत्र टाकून त्यांच्याच घरी चाललो आहे. त्यांनी बँडमधून काढलं, तर तुम्ही माझ्यासाठी शब्द टाकू नका.

तुमचाच,
देवमन