उजवीकडून वाचायची पुस्तकं

सुरुची,

तुझ्या जपानी कॉमिक्सचे सहा भाग कपाटात दिसणार नाहीत. पानं सुटत होती, म्हणून तुला न विचारता मी ते एस्प्लनेड भागातल्या बंगाली बाइंडरकडे दिले. आत्ता त्याचा फोन आला, "दादू, छपाई उलटी होती, मी सगळी पानं सरळ लावतोय!" ती उजवीकडून वाचतात, हे तूच मला शिकवलंस. तरी मी नुसतं "बरं" म्हणालो. सगळा जन्म पुस्तकांत घालवला, पण एका माणसाला "थांबा" म्हणता येत नाही मला! आता तो फोन उचलत नाही, म्हणून स्वतःच निघालोय. त्यानं कडा कापल्या असतील, तर कडेची चित्रंही गेली. तसं झालं तर समोर बसून रागव. पुन्हा आठवडाभर दार लावून घेऊ नकोस.

आजोबा