भाजलेल्या मिरच्यांचा वास

२ सप्टेंबर
पोचले एकदाची! बसमध्ये शेजारणीनं पीच खाऊ घातले, हात अजून चिकट आहेत. खोली भरपूर उजेडाची, पलंग दोन. कॉलेज सुरू होण्याआधी लेक, वेसेला, राहायला येईल तेव्हा अडचण नाही. आई गेल्यापासूनचं वर्ष आम्ही मायलेकींनी कसंबसं ढकललं. पोरीला आजीचा फार लळा होता. इथं दोघींना बरं वाटेल.

४ सप्टेंबर
काम सोपं आहे. आरोग्यधामातले अकरा रुग्ण जेवणानंतर दोन तास झोपतात. उठले की त्यांची स्वप्नं मी वहीत उतरवून घ्यायची. डॉक्टर करास्तोयानोव यांचा सिद्धांत असा, की स्वप्नांचं जग म्हणजे सगळ्यांचं मिळून एकच अंगण. दिवसा दाबून ठेवलेला विचार झोपेत तिथं हिंडायला निघतो आणि आसपासच्या झोपलेल्या डोक्यात शिरतो. माणूस मेला तरी त्याचा विचार हिंडतच राहतो, घर शोधत.

आमच्याकडे वाईट स्वप्न पडलं की आधी वाहत्या पाण्याला सांगतात, मग माणसांना. डॉक्टरांनी ते बंद केलंय. पाण्याला सांगून झालं की वहीत शिळंच येतं, म्हणे. त्यामुळे चौकातल्या पाणवठ्याकडे निघालेल्या रुग्णांना फाटकाशी अडवायचं कामही माझंच. स्वयंपाकाच्या पेनकामावशी म्हणाल्या, तुझा डॉक्टर शिकलाय फार गं, पण खरकटं कुठं टाकायचं तेवढं त्याला कळत नाही. मी खूप हसले.

७ सप्टेंबर
लाझारकाकांना स्वप्नात भाजलेल्या मिरच्यांचा वास आला. चाळीस वर्षं रेल्वेत गार्ड होतो, म्हणाले, आणि आता स्वप्नातसुद्धा कुणी जेवायला वाढत नाही, नुसता वास! सगळे हसले. या दिवसांत घरोघर थंडीच्या बेगमीसाठी जाड मिरच्या भाजून सोलतात, वास येणारच.

९ सप्टेंबर
आणखी तिघांना तोच वास. आणि ठोकल्याचा आवाज. लाकडी चमचा पलंगाच्या कडेवर, तीनदा, मग थांबून तीनदा.

वहीत मी ‘आगगाडीचा आवाज’ असं लिहिलं.

१० सप्टेंबर
इथं तरी खरं लिहावं.

आईचं डावं अंग लुळं पडलं होतं, वाचाही गेली होती. काही हवं असलं की ती चमच्यानं ठोकायची. त्या दिवशी मी वर्षभराच्या साठवणीच्या मिरच्या भाजून सोलत होते. तिनं ठोकलं, मी ऐकलं. वाटलं, पुन्हा तेच, उशी सरकव, पाणी दे. मी सोलत राहिले. ती ठोकत राहिली. मग थांबली, आणि मला बरं वाटलं. टोपली संपवून हात धुतले आणि मग तिच्या खोलीत गेले.

वेसेलाला सांगितलं, आजी झोपेतच गेली.

माझाच विचार हिंडतोय. अकरा माणसांच्या डोक्यांतून माझं पाप फिरतंय आणि रोज त्यांच्यासमोर पेन घेऊन मीच बसतेय.

१२ सप्टेंबर
पाणवठ्यावर गेले. तोटीखाली हात धरला, ओठ उघडले. मागे घागरी घेऊन बायका उभ्या. एक म्हणाली, अगो, हिला बघा, इतरांना फाटकात अडवते आणि स्वतः आली! दुसरी म्हणाली, सांग हो बाई, सांग, आम्ही कान झाकतो. सगळ्या खिदळल्या.

पाणी पिऊन परत आले. पाण्यालासुद्धा सांगता आलं नाही.

१३ सप्टेंबर
लाझारकाका आज रडत उठले. म्हणाले, मी पलंगावर आडवा होतो, हलता येत नव्हतं. दार उघडं होतं. समोर स्वयंपाकघरात माझी मुलगी पाठमोरी. मी ठोकलं की तिचे हात क्षणभर थांबायचे. मग पुन्हा सोलायला लागायचे.

दार बंद होतं असं मी वर्षभर समजत होते.

म्हणजे हा विचार माझा नाही. आईचा आहे. तिनं पाहिलं. शेवटपर्यंत पाहत होती—

१४ सप्टेंबर
वेसेलाला तार केली, येऊ नकोस. उत्तर नाही. डॉक्टरांना विचारलं, असा विचार थांबतो कधी? म्हणाले, आपलं माणूस सापडलं की. रक्ताचं असेल तर पुन्हा निघतच नाही. फार खूश दिसले.

१५ सप्टेंबर, दुपार
वेसेला आली. तार मिळालीच नव्हती. जेवली, हसली, जांभई दिली. झोपू नकोस म्हटलं. म्हणाली, आई, काहीतरीच काय गं, पहाटेची बस होती, तासभर पडते ना.

कारण सांगायला हवं होतं. एक वाक्य. तोंडापर्यंत आलं होतं. ती माझ्याकडे ज्या मायेनं बघत होती ती जाईल, या भीतीनं— गप्प बसले. पुन्हा.

झोपली.

हलवतेय, उठत नाही— गालावर पाणी मारलं—

चार वाजले
उठली. मी कधी आडवी झाले कळलं नाही, ती माझ्या पायांशी उभी आहे. डावा हात नुसता लोंबतोय. मला आई म्हणत नाही. माझ्या लहानपणच्या नावानं हाक मारली, जे वेसेलाला कधीच माहीत नव्हतं—

रागावलेली नाही. माझ्या अंगावर पांघरूण घालतेय. मला डावा हात उचलता— फक्त हा लिहिणारा एक—

म्हणते, पड तू आता. मी स्वयंपाकघरात आहे. काही लागलं तर—