तुम्ही काढलेला एकमेव सिनेमा

बाबूजी, तुमच्यावरचा माझा राग अजून गेलेला नाही, हे आधीच सांगते. तीस वर्षं तुम्ही सिनेमात मरत राहिलात. कधी हिरोचा बाप, कधी इमानदार हवालदार, आणि मध्यंतराच्या आत छातीत गोळी. सोमवारी कॉन्व्हेंटच्या फाटकात मुली टपून असायच्या, "क्यों री, इस बार कैसे मरे तेरे बाबूजी?" एकीच्या मी कानाखाली वाजवली, तर सिस्टरनी मलाच गुडघ्यांवर उभं केलं. तुम्ही मुंबईत. आई आजारी पडली तेव्हा आलात ते दोन दिवसांसाठी, तेही नकली मिशीचा डिंक ओठावर तसाच घेऊन.

मग १९९९ साली, म्हातारपणी, निर्माता व्हायची हौस. आपल्या गोंदियाकडच्या प्रतापगडच्या पायथ्याशी शूटिंग, कामठा गावची माणसं नट म्हणून, आणि पहिला खेळ गोंदियाच्या टॉकीजमध्ये. तुमचा फोन आला, "येशील न वं बेटा? खुर्ची धरून ठेवून राहिलो तुह्यासाठी." मी म्हटलं, पेपर तपासायचे आहेत, जमलं तर येईन. खेळाच्या दुसऱ्या दिवशी पुन्हा फोन. "पाहिला?"

"पाहिला. मागे बसले होते. तुम्ही मेलात तेव्हा रडू आलं."

तुम्ही म्हणालात, "बरं. जेवली का?" सिनेमा आठवडाभरही टिकला नाही. दोन वर्षांनी तुम्ही खरोखरच गेलात, आणि तोवर तो विषय पुन्हा एकदाही काढला नाहीत.

निवृत्तीनंतर एकदा नागऱ्याच्या महादेवाला गेले. देवळाच्या पायरीवर कामठ्याची एक म्हातारी माझं तोंड निरखत बसलेली. "तू त्या पिक्चरवाल्या बाबूजीची पोरगी न वं? मी होती त्या पिक्चरमंदी. सारे मेले, पण तुहा बाप आखरीपर्यंत जिता! आम्ही इचारलं, बाबूजी, या बारीले काऊन नाही मरून राहिले? तं म्हणे, माही पोरगी येणार हाये पाहाले." एवढं सांगून ती हसली, आणि मी तिच्याशेजारी बसून राहिले. हातातला नारळ फोडायचा राहूनच गेला. आता तो सिनेमा पाहायचा म्हटलं तरी कुठे पाहणार? त्याच्या रिळांच्या पेट्या कुठे गेल्या, कोणालाच ठाऊक नाही.

हे कुठे पाठवायचं नाही, म्हणून उरलेलंही लिहून टाकते. पेपर नव्हते, बाबूजी. त्या दिवशी मी सायकलरिक्षा करून टॉकीजपर्यंत आले होते. तुम्ही इस्त्रीचा कोट घालून दारात उभे होता, मुलीच्या लग्नात उभं राहावं तसे हात जोडून, आणि आत जायला कोणीच नव्हतं. मला लाज वाटली. रिक्षावाल्याला म्हटलं, "भैया, वापस ले चलो." तो रिक्षा वळवत होता तेव्हा तुम्ही आमच्याकडे पाहून हात वर केलात. मी तोंडावर पदर ओढून घेतला.