एका रेघेचं अक्षर

१४ मार्च

ती. दादा,

नमस्कार. तू आणि वहिनी बरे असाल. इकडेही ठीक. म्हणजे पत्रात लिहिण्याइतपत ठीक. फोनवर मला लगेच रडू येतं, म्हणून लिहितेय.

तू दुकानात आणलेलं कोरायचं मशीन अजून चालतंय. ज्याच्यापायी तुझं नि बाबांचं वाजलं आणि तू घर सोडलंस, तेच. बाबा मात्र त्याच्याकडे पाठ करून हातानेच नावाच्या पाट्या कोरत राहिले. "हे अक्षराच्या कडेकडेने फिरतं. आत पोकळ. असं कुणी लिहितं का?" हे त्यांचं पालुपद. खरंच होतं म्हणा. बारीक अक्षरात दोन्ही कडा एकमेकींत घुसून नुसता चिखल व्हायचा.

या थंडीत त्यांचा हात थरथरायला लागला. छिन्नी सुटली. दिवसभर खुर्चीत गप्प. मला बघवेना. शेवटी कागद-पेन पुढे केलं आणि म्हटलं, "बाबा, मशीनला तुमचं अक्षर शिकवू. एकाच रेघेचं."

"त्याला? त्या ठोंब्याला?" म्हणाले. पण लिहिलं. हात शांत असला की एखादं अक्षर काढायचे, की दमायचे.

आणि मी शहाणी! कागद स्कॅन करून तसाच कॉम्प्युटरला दिला. त्याने पेनाच्या रेघेच्याही दोन कडा धरल्या. बाबांचंच अक्षर पोकळ! मग एकेका अक्षराच्या मधोमध मीच माउसने रेघ ओढत बसले. दुकान, स्वयंपाक, त्यांची औषधं, आणि वर हे. फार दमलेय रे.

काल पहिली पाटी निघाली. बाबांनी अक्षरांवरून नख फिरवलं, स्वतःच्या कामावरून फिरवायचे तसं. नख खाचेत नीट अडकलं. मग म्हणाले, "थोरल्याला कळव. मशीन चांगलं आणलंय त्याने."

पाटीवर तुझं नाव आहे. तुझ्या नव्या घराच्या दारासाठी. त्यांनीच सांगितलं तसं.

डॉक्टर म्हणाले, आता घरीच ठेवा, ज्यांना बोलवायचंय त्यांना लवकर बोलवा. हे लिहायचं टाळत इथवर आले.

पाटी मी कुरियरने पाठवणार नाही. बाबा ती उशाशी घेऊन झोपलेत. त्यांच्या हातून घ्यायला ये.

रागावलेली नाही, नुसती दमलेली,
तुझी चिंगी