म्हशीला पाठ झालेल्या शिव्या

आई, परवा शिरूरला आम्हा अंगणवाडीताईंचं प्रशिक्षण होतं. मॅडमनी फळ्यावर कुत्रा काढला आणि सांगितलं, रोज घंटा वाजवून त्याला खायला दिलं, तर पुढे नुसत्या घंटेनंही त्याच्या तोंडाला पाणी सुटतं. मुलांनाही सवयी अशाच लागतात. सगळ्या जणी वहीत उतरवून घेत होत्या आणि मला हसू आवरेना. मॅडमनी विचारलं, "ताई, काय झालं?" आता भर वर्गात काय सांगू, की हे मी आपल्या कासुर्डीच्या गोठ्यात शिकले? घरी येताना म्हटलं, तुलाच सांगावं. तुला जाऊन बावीस वर्षं झाली, तरी ही गोष्ट तुला कुणी सांगितली नसणार.

आपल्या म्हशीचं रेडकू गेलं, तेव्हा ती कुणाला कासेला हात लावू देईना. तू तिच्यापुढे पेंड-भुशाचं आंबोण ठेवून, पाठीवरून हात फिरवून, पंधरा दिवस खपलीस आणि तिला वळण लावलंस. मग ती तुझीच झाली. तू पहाटे बादली घेऊन तिच्याखाली बसायचीस आणि तिथूनच माझ्या नावानं सुरू व्हायचीस, "ऊठ गं ए भवाने, उन्हं डोक्याव आली. सासरी गेल्याव आईबापाचं लई नाव काढशील." बाहेर अजून नीट फटफटलेलंही नसायचं. मी गोधडी ओढून घ्यायचे.

साध्या तापाचं निमित्त होऊन तू गेलीस, तेव्हा मी अकरावीत होते. दहावा झाला तरी म्हैस दूध चोरून उभी. चुलतीनं आंबोण ठेवून पाहिलं, लाथ खाल्ली. कुणीतरी सुचवलं, मालकानं मालकिणीचं पातळ नेसून बसावं. मला आजही दिसतं: आप्पा तुझं हिरवं पातळ नेसून, मिशांवर पदर ओढून म्हशीखाली बसलेत. म्हैस मान वळवून त्यांना नीट बघते आणि पाय झाडते. तू गेल्यापासून मी पहिल्यांदा हसते. "हासतीस काय? कास दगड झालीया तिची," आप्पा म्हणाले, आणि पातळ सोडता सोडता पुढे म्हणाले, "मंगळवारी बाजारात न्हेतो हिला. न्हाई जमायचं आता." म्हैस गेली तर तुझं म्हणून घरात जिवंत असं काही उरणारच नव्हतं. त्या दिवशी मला घास गेला नाही.

सोमवारी पहाटे आप्पा शेवटचं म्हणून बसले. मी दारात उभी. आंबोण झालं, पातळ झालं, मग राहिलं काय? आणि एकदम लक्षात आलं, गोठ्यात रोज घुमणारं तुझं बोलणं तेवढं नाही. मी माझ्याच रिकाम्या अंथरुणाकडे तोंड करून, अगदी तुझ्या सुरात ओरडले, "ऊठ गं ए भवाने, उन्हं डोक्याव आली." म्हशीचं रवंथ थांबलं. कान हलले. मी 'सासरी गेल्याव'पर्यंत पोचायच्या आत बादलीत धार वाजली. इतके दिवस आम्ही तिला तुझं पातळ दाखवत होतो, आणि ती बिचारी मला शिव्या पडायची वाट बघत होती. आप्पा तिच्या पोटाला डोकं टेकवून धार काढत राहिले. बादली निम्मी भरली, धार चांगली लागली, तरी मान वर न करता म्हणाले, "आजून एकदा म्हण." मी म्हटलं.

म्हैस राहिली. लग्न होऊन शिरूरला येईपर्यंत मी रोज पहाटे स्वतःलाच शिव्या घातल्या. शेजाऱ्यांना वाटायचं, पोरीच्या डोक्यावर परिणाम झाला. आता माझी लेक मोबाईलच्या गजरानं उठते, तरी माझं तोंड सुरूच असतं. ती म्हणते, "मम्मी, हळू ना, खालपर्यंत ऐकू जातं." मला तिचं हे कुरकुरणंसुद्धा आवडतं. माझं छान चाललंय, आई.

हे सगळं प्रशिक्षणाच्याच वहीत लिहिलंय. मॅडम वह्या तपासायला मागणार आहेत, त्याआधी ही पानं काढून ठेवीन. एक मात्र मी आप्पांनाही कधी सांगितलं नाही. बादलीची कडी वाजली की मी जागी व्हायचे, रोज. पण तुझी बोलणी खाल्ल्याशिवाय मला अंथरुणातून उठावंसंच वाटायचं नाही.