चौथ्या मिनिटाची घंटा

प्रिय तोफ,

हे नाव तुला मीच दिलं, म्हणून अजून हक्कानं वापरते. परवा तुझे वडील शाळेत तुझा दाखला मागायला आले होते. कपडे मोजायची टेप गळ्यात तशीच लटकत होती. म्हणाले, "बाई, सोमवारी अपील मागे घेतोय. पोर घरातसुद्धा बोलेनाशी झालीय." मी त्यांना चहा विचारला. सव्वीस वर्षं 'घाबरू नका, बोला' म्हणून पोरांपुढे घसा फोडला, आणि ऐनवेळी मला चहा सुचला!

निकालपत्र मला आता पाठ झालंय. परीक्षकांनी दिलेल्या गुणांत न्यायालय पडत नाही, हे एक वेळ समजू शकते. पण पुढचं वाक्य? 'घंटा वाजली नाही, हे विद्यार्थिनीचे म्हणणे विश्वसनीय वाटत नाही.' सोळा वर्षांची मुलगी शपथेवर खरं बोलते आणि एका ओळीत खोटारडी ठरते! वर वक्तृत्व स्पर्धेचे सचिव कोर्टाच्या व्हरांड्यात हसत म्हणतात, "रडीचा डाव!"

तो दिवस आठव. वेळ मोजणारे सर आजारी पडले म्हणून मला टेबलाशी बसवलं. चौथ्या मिनिटाला इशाऱ्याची घंटा, पाचव्याला शेवटची. त्यापुढे बोललं की दहा गुण वजा. मी लिहून दिलेलं भाषण तू घडी घालून खिशात टाकलंस आणि वडिलांच्या बोटातून मशीनची सुई आरपार गेली त्या दिवसाबद्दल बोलू लागलीस. बोटाला चिंधी गुंडाळून त्यांनी तो गणवेश पुरा केला, कारण सकाळी तो कुणाच्या तरी अंगावर हवा होता. सभागृहात कुणी खोकलंसुद्धा नाही. माझं एकही वाक्य न घेता माझा कुणी विद्यार्थी इतकं चांगलं कधी बोलला नव्हता.

घड्याळाकडे पाहिलं तेव्हा पाच मिनिटं चाळीस सेकंद झाले होते. आकडा मात्र मी इमानानं लिहिला. तू चार गुणांनी हरलीस.

पुढे तुम्ही कोर्टात गेलात, तेव्हा मुख्याध्यापकांनी टाइप केलेलं प्रतिज्ञापत्र माझ्यापुढे सरकवलं. "सही करा बाई, घंटेबद्दल दोनच ओळी आहेत. पुढच्या वर्षी स्पर्धा आपल्याकडे आहे." त्यांना मी रोज मनात शिव्या घालते. पण सही करताना माझा हात त्यांनी धरला नव्हता. वेळेची पक्की बाई, असं माझं नाव होतं. ते मला तुझ्याहून प्यारं झालं.

घंटा मी वाजवलीच नाही, पोरी. एकही नाही. ऐकत बसले होते.

सोबत नवं प्रतिज्ञापत्र आहे, काल नोटरीसमोर केलेलं. खोट्या शपथेची शिक्षा होईल ती होऊ दे. वडिलांना सांग, अपील मागे घ्यायचं नाही. आणि मला माफ करू नकोस. सोमवारी त्याच व्हरांड्यात, त्या सचिवांच्या समोर मला विचार, "बाई, घंटा वाजली होती का?" मोठ्यानं विचार. शेवटच्या बाकापर्यंत आवाज गेला पाहिजे, हे तुला मीच शिकवलंय.

उत्तर द्यायला उभी असलेली,
तुझीच बाई